ओलगार: विचार करणारा दगड बनवण्याच्या नोंदी

३ एप्रिल

मे महिन्यात चार भाचरं आमच्याकडे येणार आहेत. दरवर्षीप्रमाणे कथाखेळ मांडायचा आहे. एकजण गोष्ट सांगतो, बाकीचे त्यातली माणसं होतात, अडलं की फासे टाकतात. जग माझ्याकडे गेल्या वर्षापासून तयार आहे. नाव थरमाळ. लाव्हाचे थर एकावर एक चढून जिन्यासारखं झालेलं पठार. (यात कल्पनाशक्ती फारशी खर्च झालेली नाही. घाटात एस्टीच्या खिडकीतून जे दिसतं तेच.) त्या जगात या वर्षी एक विचार करणारं खनिज हवं आहे.

रात्री बसून चार पानं लिहिली. नाव ठेवलं चैतन्यमणी. निळा, अंधारात उजळणारा, दहा हजार वर्षांचं ज्ञान असलेला, थेट मनात बोलणारा. लिहिताना फार मजा आली. वेळ: तीन तास.

६ एप्रिल

ती चार पानं थोरल्या भाचीला फोनवर वाचून दाखवली. ती नववीत आहे. तिचं म्हणणं जसंच्या तसं: "मावशी, हा दगड नाहीये. हा बाबा आहे. फक्त दाढी नाही त्याला." शिवाय चैतन्यमणी हे नाव सांधेदुखीच्या गोळ्यांचं वाटतं म्हणे. दोन्ही मुद्दे खोडता आले नाहीत.

कोणी हे काम करत असेल तर एक सोपी चाचणी सांगते, माझे तीन तास वाचले असते. लिहिलेल्या मजकुरात 'दगड'च्या जागी 'ऋषी' घाला. गोष्टीत काहीच बिघडत नसेल तर तुमच्याकडे दगड नाहीच. माझ्या चार पानांत एक वाक्य सोडता काही बिघडलं नाही, आणि ते वाक्य 'तो जागचा हलत नसे' असं होतं. ऋषीही हलत नाहीत. पानं फाडली.

१३ एप्रिल

ठरवलं की आधी खरा दगड हातात घ्यायचा, मग लिहायचं. आपल्याकडे याला तोटा नाही. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हात वायूच्या बुडबुड्यांनी पोकळ्या राहिल्या, नंतर गरम पाणी झिरपून त्यांत स्फटिक वाढले. विहीर खणताना किंवा दगडखाणीत सुरुंग लावला की ते बाहेर येतात. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात मी ते पूर्वी पाहिले होते, माणसाच्या मांडीएवढाले गुच्छ. तेव्हा 'छान आहे' म्हणून पुढे गेले होते.

मनात कॅव्हनसाइट होतं, म्हणजे पुण्याजवळ वाघोलीच्या खाणीत सापडणारं ते गडद निळं, गोळ्यागोळ्यांचं खनिज. किंमत ऐकली आणि निळ्या रंगाचा नाद सोडला. ते बरंच झालं, कारण निळा रंग हा चैतन्यमण्याचाच उरलेला अवशेष होता. त्याऐवजी स्टिलबाइटचे दोन तुकडे घेतले, मोठा आणि छोटा, मिळून ४०० रुपये. फिकट पिवळसर, मोत्यासारखी झाक, गवताची पेंढी मध्ये आवळून बांधावी तसा आकार. सोबत ५२० रुपयांचा खिशातला वजनकाटा, ग्रॅमच्या शंभराव्या भागापर्यंत दाखवणारा.

१४ एप्रिल

स्टिलबाइट हे जिओलाइटांपैकी एक. या दगडांच्या आत अतिबारीक वाटा असतात आणि त्या वाटांमध्ये पाणी बसलेलं असतं. तापवलं की पाणी निघून जातं, सांगाडा उभा राहतो. १७५६ साली अॅक्सेल क्रोनस्टेट या स्वीडिश खनिजशास्त्रज्ञाने असा दगड तापवून त्यातून वाफ निघताना पाहिली आणि ग्रीक शब्दांवरून 'उकळणारा दगड' अशा अर्थाचं नाव दिलं. मला हे स्वतः करून पाहायचं होतं.

मोठा तुकडा: ३८.४२ ग्रॅम. पोळीच्या तव्यावर, मंद आच, वर झाकण, एक तास. नंतर ३६.०५. म्हणजे दोन ग्रॅमहून जास्त पाणी गेलं आणि दगड दिसायला होता तसाच. थोडी चमक उतरली, इतकंच.

छोटा तुकडा: १२.७० ग्रॅम. इथे घाई केली. सांडशीत धरून थेट गॅसच्या ज्योतीवर. पहिल्या मिनिटाला तडतडला, मग पेंढी सुटावी तसे पापुद्रे उलगडले आणि खडूसारखा पांढराफटक पडला. एक कपची उडून माझ्या चष्म्यावर आपटली. चष्मा नसता तर ही नोंद दवाखान्यातून लिहावी लागली असती, तेव्हा हे करू नका. वजन १०.६१, पण कपच्या उडाल्यामुळे हा आकडा पक्का नाही.

तव्यावर पांढरा डाग पडला आहे. आईने तवा पाहिला आहे. त्याबद्दल इथे लिहीत नाही.

१५ एप्रिल

दोन्ही तुकडे रात्रभर उघड्यावर ठेवले होते. सकाळी मोठा ३७.६१. हवेतलं पाणी त्याने परत घेतलं! छोटा जवळपास तिथेच.

१७ एप्रिल

मोठा ३७.९०, त्यापुढे हलत नाही. छोटा १०.७४. म्हणजे मंद आचेने वाळवला तर दगड बरंचसं परत मिळवतो, पण सगळं नाही. ज्योतीवर धरला तर आतल्या वाटाच कोसळतात आणि पाणी बसायला घर उरत नाही.

या दोन आकड्यांनी आठवडाभर अडलेलं काम सुटलं. याचा मेंदू शोधायची गरजच नव्हती. त्याच्यातलं पाणी हीच त्याची आठवण. आत कुठल्या वाटेत किती पाणी बसलं आहे हा त्याचा विचार. वाळवला की विसरतो, भिजला की नवं शिकतो, पण जुनं पूर्ण परत येत नाही. ज्योत म्हणजे खून.

नावही त्यातच मिळालं: ओलगार. ओल आणि गार. भाची म्हणाली, गार म्हणजे गारगोटीतली, थंड असलेली, की आकाशातून पडणारी? तिन्ही चालतात म्हटलं.

२१ एप्रिल

आता तो विचार किती वेगाने करतो? पाणी आत यायला पावसाळा, बाहेर पडायला उन्हाळा. म्हणजे एक वर्ष हा त्याचा एक श्वास. हे कागदावर इतकं सुरेख दिसलं की मी लगेच सगळे नियम याच्यावर बांधून टाकले. चैत्रात प्रश्न विचारायचा, उत्तर पुढच्या चैत्रात. अवघड प्रश्न असेल तर दहा वर्षं.

(नंतरची भर: इथेच फसले. ११ मेची नोंद पाहा.)

२७ एप्रिल

आमच्या चाळीतले एक काका तरुणपणी खडीच्या क्रशरवर होते, त्याआधी वडिलांबरोबर पाटे-वरवंटे घडवायचे. त्यांना विचारलं, काका, तुम्ही कधी दगडाशी बोललात का? ते हसले नाहीत. म्हणाले, "आम्ही कशाला बोलू, तोच बोलतो की. हातोडी मारायची. ठण्ण वाजला तर साबूत. बद्द वाजला तर आत चीर आहे, हात लावू नको."

मग त्यांनी आमच्या जिन्याच्या पायऱ्या चमच्याने वाजवून दाखवल्या. चौथी पायरी बद्द वाजते. मी तीस वर्षं त्या पायरीवरून जाते आहे.

फोडलेल्या पोकळीतून कधीकधी वाटीभर पाणी निघायचं, असंही सांगितलं. ते पाणी पिऊन पाहिलं का, विचारलं. "एकदा. कडवट होतं."

थरमाळात आता विहीरकरी नावाचे लोक आहेत. खणण्याआधी ते कातळ वाजवतात. बद्द वाजला की तिथे थांबतात, कारण आत कोणीतरी राहत असतं. आणि ओलगाराच्या पोकळीतलं पाणी पिणाऱ्याला कडवट आठवण येते, जी त्याची स्वतःची नसते.

४ मे

टेबलावर ठेवायला ओलगार हवा. खरा तुकडा पोरांच्या हातात दिला तर तासाभरात पेंढी सुटेल. म्हणून तुरटी.

पद्धत: प्लास्टर ऑफ पॅरिसची खोलगट वाटी करायची, आत तुरटीची पूड लावायची, मग गरम पाण्यात विरघळेल तेवढी तुरटी विरघळवून त्यात वाटी बुडवून ठेवायची. दीड किलो तुरटी १८० रुपये, प्लास्टर ९०.

पहिली वाटी फसली. पाणी लवकर निवावं म्हणून भांडं फ्रिजमध्ये ठेवलं. सकाळी वाटीत स्फटिक नव्हते, ओल्या मिठासारखा लगदा होता. दुसऱ्या वेळी भांडं टॉवेलात गुंडाळून ओट्यावर सोडलं, दोन दिवस हात लावला नाही. नखाएवढाले, धारदार कडांचे स्फटिक आले. घाई न करणं हा या सगळ्या कामात मला सर्वांत महाग पडलेला भाग आहे.

रंगाची चूक: पाण्यात खायचा पिवळा रंग घातला. पाणी पिवळं, प्लास्टर पिवळं, बोटं पिवळी, स्फटिक मात्र पांढरे स्वच्छ. वाढताना स्फटिक रंगाला आत घेतच नाही. मोरचुदाचे स्फटिक निळे येतात, पण ते विषारी आहे आणि धाकटा अजून सगळं तोंडात घालतो.

११ मे

पहिला खेळ. सपशेल पडला.

दोन कारणं. एक: प्रश्न विचारल्यावर 'एक वर्ष गेलं' असं मी सांगायची, पोरं हो म्हणायची, आणि मी उत्तर द्यायची. वर्ष कोणाला जाणवेल? ते नुसतं एक वाक्य होतं. दहा वर्षांच्या उत्तराला मधल्या भाचीने विचारलं, "मग तोवर आम्ही काय करायचं?" माझ्याकडे उत्तर नव्हतं.

दोन: ओलगाराला पाणी द्यायचा प्रसंग आला, मी थाटात ड्रॉपरने थेंब टाकले. तुरटी. पाण्यात. स्फटिकांच्या कडा सगळ्यांच्या डोळ्यांदेखत विरघळून गोल झाल्या. धाकट्याने बोट लावून चाटलं आणि तोंड आक्रसून घेतलं. चार दिवसांचं काम.

तेवढ्यात आईने कैरीचं पन्हं आणलं, खेळ संपला.

१२ मे

वेळेचा प्रश्न थोरलीने सोडवला, श्रेय तिचं. म्हणाली, "वर्षं जाऊ देत ना. माणसं बदलू या." आता एकच विहीरकरी घराणं खेळायचं. प्रत्येक बैठकीला पुढची पिढी. पणजीने विचारलेला प्रश्न, आजीच्या बैठकीत अर्धा कळतो, नातीला पूर्ण उत्तर मिळतं, आणि तोवर प्रश्न का विचारला होता हे कोणाला आठवत नसतं. पोरं स्वतःच वहीत लिहून ठेवायला लागली, पुढच्या पिढीसाठी. मी सांगितलं नव्हतं.

१८ मे

पाण्याने विरघळणार नाही असं काहीतरी हवं. नव्या चपलांच्या खोक्यात पुडी सापडली, तेव्हा डोक्यात प्रकाश पडला. सिलिका जेल. ओल शोषतं, तव्यावर वाळवलं की पुन्हा तयार. जवळपास ओलगारच, फक्त कारखान्यातला.

इथे २६० रुपये वाया गेले. रंग बदलणारं म्हणून निळं मागवलं, कोरडं असताना निळं आणि ओलं झालं की गुलाबी. आल्यावर पाकीट वाचलं. त्या निळ्यात कोबाल्ट क्लोराइड असतं, मुलांच्या हातात द्यायचं नाही. आधी वाचून मग मागवायचं असतं, हे मी इतरांना नेहमी सांगते. नारिंगी घेतलं, अर्धा किलो ३१० रुपये. ते ओलं झालं की हिरवट होतं. तेही तोंडात घालायचं नाहीच, म्हणून काचेच्या झाकणबंद बरणीत, आणि ड्रॉपर फक्त मोठ्यांच्या हातात.

बरणी तयार केल्यावर करून पाहावं म्हणून चार कोरडे मणी बशीत घेतले आणि एक थेंब टाकला.

टच.

मग दोनदा, मग एकदम बरेच, टच टच टच, जिरे तडतडावेत तसे पण फार हळू, आणि एक मणी उभा चिरून दोन झाला. बशीला बोट लावलं तर कोमट लागली. कोरडं सिलिका जेल पाणी इतक्या घाईने ओढून घेतं की मणी तडकतात, हे मला माहीत नव्हतं. मी रात्री साडेअकराला एकटी बशीला कान लावून बसले होते.

१९ मे

काल रात्रीनंतर नियम सगळे बदलले. ओलगार वर्षभर गप्प असतो. वैशाखात तो पूर्ण वाळलेला असतो. मिरगाचा पहिला पाऊस पडला की पाणी आत घुसतं आणि तो तडकतो, तेच त्याचं बोलणं. वर्षातून एकदा, काही घटका. विहीरकऱ्यांची पोरंसोरं, म्हातारे सगळे पहिल्या पावसात भिजत कातळाला कान लावून पालथे पडलेले असतात. आणि प्रत्येक बोलण्यात तो थोडा फुटतो.

आधीच्या मसुद्यात बोलणं फुकट होतं, म्हणूनच तो बाबा इतका बडबडत होता.

टच म्हणजे काय, किती वेळा म्हणजे हो, हे आम्ही ठरवलेलं नाही. विहीरकरी घराण्यांत त्यावरून भांडणं आहेत, एका घराण्याचा अर्थ दुसऱ्याला मान्य नाही. हे मुद्दाम. अर्थ छापील तक्त्यात दिला की तो तारयंत्र होतो.

२५ मे

दुसरा खेळ. दिवे घालवले, एक पणती. बरणीतले दहा मणी बशीत. थोरली या पिढीतली आजी होती. तिने विचारलं, खालच्या थरात पाणी आहे का? मी थेंब टाकला.

चार डोकी बशीवर आली. कोणी श्वास घेईना. टच. बराच वेळ काही नाही. टच टच. मधली कुजबुजली, "नाही म्हणाला." थोरली म्हणाली, "हो म्हणाला, पण दूर आहे." त्यावरून पाऊण तास घरात भाऊबंदकी झाली, दोन विहिरी खणल्या गेल्या, एक कोरडी लागली. मी त्या वेळात जवळपास काही बोललेच नाही.

मग धाकट्याने फुटलेला मणी पाहिला. "मावशी, त्याला दुखतं का गं?"

याचं उत्तर वहीत कुठेच नव्हतं. मी म्हणाले, तूच विचार त्याला. तो म्हणाला, विचारलं तर परत फुटेल ना. आणि त्याने त्या बैठकीत एकही प्रश्न विचारला नाही. नंतर खेळाची ही पद्धतच झाली: न विचारणं हीसुद्धा चाल आहे, आणि ती खेळणाऱ्याच्या घराण्याला पुढच्या पिढीत एक फासा जास्त मिळतो.

१ जून

जगातली त्याची जागा पक्की केली. वरच्या थरातले ओलगार तरुण, त्यांना फक्त पावसाचं पाणी माहीत. खालचे जुने, त्यांच्यापर्यंत पोचायला पाण्याला कित्येक पिढ्या लागतात. दोन थरांमध्ये लाल मातीचा पट्टा, तो पाणी अडवतो, त्यामुळे वरचे आणि खालचे एकमेकांना ओळखतच नाहीत. (हा लाल पट्टा आपल्या घाटातही उघड दिसतो. पुढच्या वेळी दरड कोसळून गाडी अडकली की पाहा.)

खलनायक आयते मिळाले: भट्टीवाले. त्यांना मिरगापर्यंत थांबायचं नसतं. ते ओलगार खणून काढतात, भट्टीत वाळवतात, पाणी मारतात, उत्तर ऐकतात, पुन्हा वाळवतात. बाजारात उत्तरं विकतात. पाच-सहा वेळांनंतर दगड फक्त तडकतो, त्यात काही नसतं, पण गिऱ्हाइकाला ते कळत नाही. १४ एप्रिलचा तो पांढरा तुकडा मी भट्टीवाल्याच्या दुकानाचा नमुना म्हणून टेबलावर ठेवते. शेजारी मोठा तुकडा. पोरं पांढऱ्याला हात लावत नाहीत.

तांत्रिक चूक: मणी परत वाळवताना आच जास्त झाली आणि वाटीभर मणी तपकिरी पडले. ते परत कधी रंग बदलत नाहीत. मंद आच, सतत हलवत राहणं, नारिंगी दिसले की लगेच उतरवणं. आणि वेगळा तवा. पोळीचा तवा आता कायमचा ओलगाराचा झाला आहे, आईला नवीन आणून दिला, ६५० रुपये.

हिशेब: स्टिलबाइट ४००, काटा ५२०, तुरटी १८०, प्लास्टर ९०, निळं जेल २६०, नारिंगी ३१०, ड्रॉपर २०, तवा ६५०. एकूण २,४३०. यातले तुरटी, प्लास्टर, निळं जेल आणि तवा मिळून १,१८० माझ्या घाईचे.

९ जून

काल रात्री पाऊस आला. पोरं उद्या आपापल्या घरी जाणार, म्हणून शेवटची बैठक आज ठेवली होती. संध्याकाळी बरणी काढली तर झाकण नीट लागलेलं नव्हतं. सगळे मणी हिरवे. थेंब टाकला, एकही वाजला नाही.

वाळवायला वेळ नव्हता. थोरली म्हणाली, काल रात्री बोलून झालं असेल त्याचं, आपण झोपलो होतो. धाकटा म्हणाला, मी जागा होतो, पण मला वाटलं पाऊसच वाजतोय.

तो खेळ तसाच खेळलो. घराण्याची सहावी पिढी, पहिला पाऊस चुकलेली. पुढच्या वर्षापर्यंत कोरड्या विहिरीवर निभावून न्यायचं. अकरा वाजेपर्यंत चालला.

बरणीला रबराची चकती असलेलं झाकण आणायचं आहे.